पाचगणीच्या फारोखचा स्वर, घट न येता

धान्याच्या व्यापाऱ्यास ‘घट’ हा शब्द समजावून सांगावा लागत नाही. माल साठवला, हलवला, की वजन थोडे उतरतेच. ध्वनीच्या व्यवहारातही अशी घट असते. सीताबर्डीच्या मोदी नंबरच्या गल्ल्यांतून तरुण मंडळी ‘लॉसलेस’ ऐकण्याची उपकरणे विचारीत फिरतात, आणि घरी वडीलधारे विचारतात, हा खर्च कशासाठी? प्रश्न रास्त आहे.

सीडीवर प्रत्येक सेकंदाला ध्वनीचे ४४,१०० नमुने नोंदलेले असतात. मिनिटाला सुमारे १० एमबी जागा लागते. १२८ केबीपीएसची एमपी३ तेच गाणे मिनिटाला १ एमबीत बसवते. कानाला जे जाणवणार नाही असे तिला वाटते, ते ती टाकून देते. फ्लॅक प्रकारात काहीच टाकले जात नाही. तलम साडीची घडी घट्ट घालावी, आणि उलगडताच तार न् तार जागच्या जागी असावी, तसे ते आहे.

याची परीक्षा घ्यायची तर एकाच आवाजात अनेक आवाज सामावलेला गायक हवा. आमच्या मते तो फ्रेडी मर्क्युरी. झांझिबारमध्ये १९४६ साली पारशी घरात जन्मलेला हा फारोख बलसारा. आठ वर्षांचा असताना आईवडिलांनी त्यास समुद्रापलीकडे पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत धाडले. तेथेच तो पियानो शिकला, मित्रांसह ‘द हेक्टिक्स’ नावाचा वाद्यवृंदही काढला. मुलांना शिक्षणासाठी दूर ठेवणाऱ्या घरांना त्या वयाचा अर्थ निराळा सांगायला नको.

आरंभ क्वीनच्या १९७५ च्या ‘ए नाइट अ‍ॅट द ऑपेरा’पासून करावा. त्यातील पहिल्या गाण्यात क्रोध आहे. लगेच दुसऱ्यात तोच गायक जुन्या ग्रामोफोनमधून बोलावा तसा पत्र्यासारखा वाजतो. त्यासाठी त्याचा आवाज पत्र्याच्या डब्यात ठेवलेल्या हेडफोनमधून वाजवून पुन्हा ध्वनिमुद्रित केला होता! मुद्दाम आणलेला तो कर्कशपणा आणि फाइलने आणलेला कर्कशपणा यांतील भेद घट नसलेल्या प्रतीतच कळतो. पुढे ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’त अवघ्या तीन गायकांचा समूह झाला आहे. थरावर थर चढवताना फीत यंत्रातून इतक्या वेळा फिरली की ती झिजून आरपार दिसू लागली, असे सांगतात. म्हणजे घट मूळ ध्वनिमुद्रणातही होती, आणि तिला लॉसलेसपाशीही उपाय नाही.

नंतर १९८० चा ‘द गेम’ घ्यावा. त्यात पन्नाशीच्या दशकातला साधा, ठसकेबाज ढंग आहे. १९८२ चा ‘हॉट स्पेस’ आम्हांस फारसा रुचला नाही, तो एकदाच ऐकून सोडावा. मात्र १९८८ चा ‘बार्सिलोना’ चुकवू नये. स्पेनची ऑपेरा गायिका मोन्सेरात काबाये हिच्यासमोर हा रॉक गायक न डगमगता उभा आहे. २०१२ च्या आवृत्तीत कीबोर्डऐवजी खरा वाद्यवृंद घातला आहे. दोन्ही प्रती लागोपाठ लावून पाहाव्यात. फेब्रुवारी १९९१ च्या ‘इन्युएंडो’च्या वेळी तो गंभीर आजारी होता. आवाज मात्र कोठेही माघार घेत नाही. त्याच वर्षी २४ नोव्हेंबरला तो गेला, वय ४५.

आता खर्चाचे. ३२० केबीपीएसची एमपी३ आणि लॉसलेस यांतील फरक पुष्कळांना ओळखता येत नाही, हे दुकानदार सहसा सांगत नाही. ब्लूटूथवर ध्वनी बहुधा पुन्हा आवळला जातो. म्हणून महाग बिनतारी हेडफोनपेक्षा साधा, चांगला, तारेचा हेडफोन बरा. आणि जुनी एमपी३ फ्लॅकमध्ये बदलून देतो म्हणणाऱ्यास पैसे देऊ नयेत. फाटक्या पोत्यातले धान्य नव्या पोत्यात भरले, तरी सांडलेले दाणे त्यात येत नाहीत.