पैसे कटले? आधी ऑटोपे बघा

मोबाईलवर मेसेज येतो. खात्यातून ४९९ रुपये गेले. कुणाला दिले, कशाचे दिले, काही आठवत नाही. कंपनीचं नावही ओळखीचं नसतं.

अशा वेळी काही जण घाबरून कार्ड बंद करायला धावतात. काही जण 'असेल काहीतरी' म्हणून मेसेज पुसून टाकतात. तुम्ही यातलं काहीच करू नका. मेसेज जपून ठेवा. त्यातली तारीख, रक्कम आणि कंपनीचं नाव एका कागदावर लिहून घ्या. मग शांतपणे शोधायला बसा.

बहुतेक वेळा ही चोरी नसते. कधीतरी तुम्ही परवानगी दिलेली असते. तुम्ही दिली नसेल, तर तुमचा फोन हातात घेतलेल्या घरातल्या कुणीतरी. फोटो उजळ करणारं ॲप असतं, इंग्रजी शिकवणारं असतं, रोजचं भविष्य सांगणारं असतं. लॅपटॉपबरोबर आलेलं अँटिव्हायरस असतं. वर ठळक अक्षरांत 'सात दिवस फुकट' किंवा 'फक्त १ रुपयात' लिहिलेलं असतं. तो एक रुपया देताना तुम्ही पिन टाकता, आणि त्या एका पिनवर पुढच्या प्रत्येक महिन्याची परवानगी देऊन मोकळे होता. याला ऑटोपे म्हणतात. बँकेत याला मँडेट म्हणतात.

परवानगी तुमची, तेव्हा ती काढून घेण्याचा हक्कही तुमचाच. कधीही काढून घेता येते. बँकेला कारण सांगावं लागत नाही.

ॲप फोनमधून काढून टाकलं की पैसे थांबले, असं मात्र समजू नका. सगळ्यात जास्त लोक इथेच फसतात. घराला कुलूप लावून तुम्ही गावाला गेलात, तरी दूधवाल्याला सांगितल्याशिवाय दाराला दुधाची पिशवी लागायची राहत नाही. ॲपचंही तसंच. ते फोनमधून जातं, ऑटोपे तसाच राहतो.

बंद दोन ठिकाणी करायचं असतं. आधी कंपनीकडे, मग बँकेकडे.

अँड्रॉइड फोन असेल तर प्ले स्टोअर उघडा. वर कोपऱ्यात तुमचा फोटो किंवा नावाचं अक्षर असतं, त्यावर दाबा. तिथे पेमेंट आणि सबस्क्रिप्शनचा पर्याय आहे. आत गेलात की चालू असलेल्या सबस्क्रिप्शनची यादी दिसते. घरात आयफोन असेल तर सेटिंग्ज उघडा, सगळ्यात वर स्वतःच्या नावावर दाबा, तिथे सबस्क्रिप्शन सापडेल. नको असलेलं निवडा आणि रद्द करा. फोनवर दोन जीमेल खाती असतील तर दोन्हींत बघा. यादी रिकामी दिसली म्हणून लोक सोडून देतात, आणि सबस्क्रिप्शन दुसऱ्याच खात्यावर चालू असतं.

काही वेळा पैसे प्ले स्टोअरमार्फत न जाता थेट कंपनीला जातात. मग त्या कंपनीच्या ॲपमध्ये किंवा वेबसाइटवर लॉगिन करावं लागतं. कॉम्प्युटरवरच्या सॉफ्टवेअरचं सहसा असंच असतं. कुठल्या ईमेलवर खातं उघडलं होतं ते आठवत नसेल, तर आपल्या ईमेलच्या शोधखिडकीत कंपनीचं नाव टाकून बघा. पहिल्या वर्षाची पावती बहुधा तिथेच पडलेली असते.

रद्द करायला गेलात की तुम्हाला थोडं फिरवतील. 'खरंच जाताय का?' असं विचारतील. 'तीन महिने निम्म्या किमतीत देतो' म्हणतील. मोठं रंगीत बटण 'सुरू ठेवा'चं असेल आणि 'रद्द करा' खाली फिकट अक्षरांत असेल. भिडेला पडू नका, समोर माणूस नाही, मशीन आहे. असं अडकवून ठेवणं सरकारलाही मान्य नाही. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने नोव्हेंबर २०२३ मध्ये ग्राहकाची फसगत करणाऱ्या १३ युक्त्यांना मनाई करणारी मार्गदर्शक तत्त्वं काढली. त्यांत सबस्क्रिप्शनचा सापळा आहे. रद्द करण्याची वाट लपवणं किंवा अवघड करणं त्यातच मोडतं.

शेवटी 'रद्द झालं' असा संदेश दिसेल. त्याचा स्क्रीनशॉट काढा. ईमेल आला तर तो पुसू नका.

एक ठेच मात्र लागू शकते. काही सॉफ्टवेअरचा करार वर्षाचा असतो आणि पैसे महिन्याला जातात. आपल्याला वाटतं, महिन्याचं आहे, कधीही सोडू. मध्येच सोडलं तर ते राहिलेल्या महिन्यांपोटी काही रक्कम मागतात. म्हणून रद्द करण्याआधी करार महिन्याचा आहे की वर्षाचा, ते एकदा बघा. आणि म्हणूनच कंपनीकडे आधी जायचं. नुसतं बँकेकडे बंद केलंत तर पैसे जायचे थांबतील, पण कंपनीच्या वहीत तुम्ही ग्राहकच राहाल आणि थकबाकीचे मेसेज येत राहतील.

आता बँकेची बाजू. परवानगी यूपीआयवरून दिली असेल तर तुमच्या यूपीआय ॲपमध्ये प्रोफाइलच्या चित्रावर दाबा आणि ऑटोपे किंवा मँडेट असं काही दिसतं का ते शोधा. तिथे सगळी यादी असते. कुणाला, किती, दर किती दिवसांनी, कुठल्या तारखेपर्यंत, सगळं लिहिलेलं असतं. फोनवर तीन यूपीआय ॲप असतील तर तिन्ही उघडा. बंद करताना सहसा पिन विचारतात. घाबरू नका, ते बंद करण्यासाठी आहे. मात्र पिन टाकण्याआधी समोर 'रद्द' लिहिलंय ना, ते वाचा.

परवानगी कार्डावर असेल तर बँकेच्या ॲपमध्ये किंवा नेटबँकिंगमध्ये कार्डाच्या भागात ई-मँडेट किंवा स्टँडिंग इन्स्ट्रक्शन शोधा. सापडलं नाही तर शाखेत जा आणि लेखी अर्ज द्या. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्यायला विसरू नका.

आणि हे फार महत्त्वाचं. रागाच्या भरात सगळी यादी साफ करू नका. त्याच यादीत विम्याचा हप्ता असतो, म्युच्युअल फंडाची एसआयपी असते, कधी कर्जाचा हप्ता असतो. फोटोच्या ॲपचे दोनशे रुपये वाचवताना विम्याचा हप्ता चुकला, तर ते फार महागात पडेल. ज्याची ओळख पटते त्याला हात लावू नका. ज्याची पटत नाही त्याची चौकशी करा, मग बंद करा.

उलटही होतं. खात्यात हप्त्यापुरतेच पैसे ठेवलेले असतात. आदल्या दिवशी एखादं विसरलेलं सॉफ्टवेअर हजार रुपये उचलतं. दुसऱ्या दिवशी घराच्या कर्जाचा हप्ता परत जातो, बँक दंड लावते, वर तुमच्या कर्जफेडीच्या नोंदीत डाग पडतो. म्हणून जमत असेल तर हप्त्यांचं खातं वेगळं ठेवा. ॲपच्या खरेदीसाठी दुसरं खातं वापरा, आणि त्यात थोडेच पैसे ठेवा.

तुम्ही म्हणाल, बँक आधी सांगत का नाही? बहुतेक वेळा ती सांगते. रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, की असे पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी तुम्हाला कळवलं पाहिजे. कोण कापणार, किती, कधी, हे त्यात असावं लागतं, आणि नको असेल तर थांबवण्याची सोयही. कार्डांसाठी हा नियम ऑक्टोबर २०२१ पासून कसून लागू झाला. पण तो मेसेज इंग्रजीत असतो, जाहिरातीसारखा दिसतो, आणि आपण तो न वाचता सारून देतो. तेवढा मेसेज वाचायची सवय लावा. जुना नंबर बदलला असेल तर आधी बँकेत नवा नंबर नोंदवा. नाहीतर सूचना बंद पडलेल्या नंबरवर जात राहते.

आणखी एक. १५,००० रुपयांपर्यंतची रक्कम, एकदा परवानगी दिली की, पुन्हा ओटीपी न विचारता जाऊ शकते. जून २०२२ पासून ही मर्यादा आहे. विमा, म्युच्युअल फंड आणि क्रेडिट कार्डाच्या बिलासाठी ती एक लाखापर्यंत आहे. तेव्हा 'ओटीपी आलाच नाही, मग पैसे कसे गेले?' याचं उत्तर हे आहे. अँटिव्हायरससारख्या वर्षाच्या गोष्टींबाबत इथे सावध राहा. पहिल्या वर्षी सवलत असते. दुसऱ्या वर्षी पूर्ण किंमत जाते, आणि मध्ये वर्ष गेल्यामुळे आपण पार विसरलेलो असतो.

गेलेले पैसे परत मिळतात का? कधी मिळतात, कधी नाही. लवकर मागाल तर शक्यता जास्त. प्ले स्टोअरवर ४८ तासांच्या आत मागणं सगळ्यात बरं. आयफोनवाल्यांनाही ॲपलकडे ऑनलाइन तक्रार करून पैसे मागता येतात. थेट कंपनीला लिहायचं तर चार वाक्यं पुरेत. 'माझ्या खात्यातून अमुक तारखेला अमुक रुपये गेले. ही सेवा मी वापरत नाही. सबस्क्रिप्शन बंद करावे व पैसे परत करावेत. बंद केल्याचे लेखी कळवावे.' शिव्या नकोत, रामायण नको.

कंपनीने दाद दिली नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला १९१५ वर फोन करा. मराठीतही बोलता येतं. बँकेने ऐकलं नाही, म्हणजे तुम्ही बंद करायला सांगूनही पैसे कापू दिले, तर आधी बँकेकडेच लेखी तक्रार करा. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. त्याला फी नाही.

मात्र परवानगी कुणीच दिलेली नाही, घरात सगळ्यांना विचारून झालं, तरी पैसे गेलेत, असं असेल तर ती फसवणूक आहे. मग वाट बघू नका. त्याच दिवशी बँकेला कळवा, कार्ड बंद करा, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला १९३० वर फोन करा. चूक तुमची नसेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलंत, तर नुकसान तुमच्या माथी येऊ नये, असा आदेश रिझर्व्ह बँकेने २०१७ मध्ये काढला.

पैसे परत मिळवण्याच्या घाईत लोक दुसऱ्यांदा लुटले जातात. कंपनीचा कस्टमर केअर नंबर म्हणून गुगलवर जो पहिला नंबर दिसतो, तो कुणीही टाकलेला असू शकतो. पलीकडचा माणूस गोड बोलतो, एखादं ॲप घ्यायला लावतो, आणि तुमचा स्क्रीन त्याला दिसायला लागतो. नंबर घ्यायचा तो कंपनीच्या ॲपमधून किंवा पावतीवरून. पैसे घेण्यासाठी पिन कधीच लागत नाही. मागितला की फोन ठेवा.

'तुमचं अँटिव्हायरस रिन्यू झालं, ३०,००० रुपये कापले जातील, रद्द करायला या नंबरवर फोन करा' असेही ईमेल येतात. असा ईमेल आला की आधी खातं बघा. पैसे गेलेले नसतात. त्या नंबरवर फोन केलात की खरा खेळ सुरू होतो.

घरातल्या तरुणांनाही थोडं सांगायचंय. आईच्या किंवा आजोबांच्या फोनवर महिन्यातून एकदा ही यादी बघून द्या. त्यांच्याकडून चूक झाली असेल तर हसू नका, ओरडू तर नकाच. आपण वेड्यात निघालो असं वाटलं, की म्हातारी माणसं गप्प बसतात आणि महिन्यामागून महिने पैसे जात राहतात. लहान मुलं फोन वापरत असतील तर प्ले स्टोअरमध्ये प्रत्येक खरेदीला पडताळणी लावून ठेवा. जुना साधा फोन असेल तर त्यावर कॉलर ट्यूनसारख्या सेवेचे पैसे कटतात का बघा. त्या १५५२२३ या नंबरवरून बंद करता येतात.

परदेशात राहणाऱ्या मुलांनी आईवडिलांच्या फोनवर आपलं तिकडचं कार्ड जोडून ठेवलं असेल, तर एक ध्यानात ठेवा. इथला २४ तास आधी कळवण्याचा नियम इथल्या बँकांच्या कार्डांसाठी आहे. तिकडच्या कार्डाचं स्टेटमेंट त्यांनाच डोळ्यांखालून घालावं लागेल.

घरातलं माणूस गेलं असेल तर त्यांच्या खात्याचं काम करायला बँकेत जाल, तेव्हा मँडेटचीही विचारणा करा. हे कुणी आपणहून सांगत नाही.

आता पुढच्या वेळेसाठी. 'फुकट' वाचून पिन टाकण्याआधी त्या पानावर चार गोष्टी बघा. आज किती जाणार, पुढे किती जाणार, दर किती दिवसांनी जाणार आणि कुठल्या तारखेपर्यंत जाणार. पुढच्या रकमेआधी 'पर्यंत' असं लिहिलेलं असेल, तर तो आकडा म्हणजे कमाल रक्कम. तेवढे एका वेळी काढायची परवानगी तुम्ही देत असता. बऱ्याच ठिकाणी ऑटोपे न लावता एका महिन्याचे पैसे भरता येतात. तसं असेल तर तेच करा.

ट्रायल घ्यायचीच असेल तर घ्या, आणि घेतलीत त्याच दिवशी रद्द करून टाका. बहुतेक ठिकाणी मुदत संपेपर्यंत ती चालूच राहते. काही ठिकाणी लगेच थांबते. थांबली तर थांबू द्या.