आक्षेप घेणाऱ्या कर्मचाऱ्याला संरक्षण द्या

प्रति,
मा. वित्तमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई
(मार्फत : मा. जिल्हाधिकारी)

विषय : कोषागारांतील नियंत्रण बळकट करणे आणि देयकांवर आक्षेप घेणाऱ्या कर्मचाऱ्यांना संरक्षण देणे याबाबत.

महोदय,

आम्ही खाली सह्या करणारे, कोषागार व लेखा शाखेतून निवृत्त झालेले कर्मचारी आहोत. देयके तपासण्यात आमची हयात गेली. सरकारी तिजोरी सहीने उघडते आणि लुटली जाते तीही सहीनेच, हे आम्ही जाणतो. म्हणून देशाच्या इतिहासातील एका मोठ्या कोषागार लुटीचा दाखला देऊन आपल्यापुढे काही मागण्या ठेवत आहोत.

तो दाखला बिहारच्या चारा घोटाळ्याचा आहे. पशुसंवर्धन विभागातील अधिकारी आणि पुरवठादारांनी न आलेला चारा, न दिलेली औषधे आणि अस्तित्वातच नसलेली जनावरे यांची देयके करून सुमारे 950 कोटी रुपये काढले. काही वर्षी विभागाने अर्थसंकल्पातील तरतुदीच्या दुपटीहून अधिक रक्कम उचलली. जनावरे वाहून नेली म्हणून ज्या वाहनांचे क्रमांक देयकांवर टाकले होते, त्यांतले कित्येक तपासात स्कूटर आणि मोटारसायकलींचे निघाले. तो क्रमांक एकदा कुणी पडताळला असता, तर देयक जागीच अडले असते.

इशारे मात्र वेळेवर मिळाले होते. 1985 मध्ये तत्कालीन नियंत्रक व महालेखापरीक्षक टी. एन. चतुर्वेदी यांनी बिहारच्या मुख्यमंत्र्यांना पत्र लिहून, कोषागारांचे मासिक लेखे उशिरा येतात, यामागे अपहार असू शकतो, असे कळवले. 1992 मध्ये दक्षता विभागातील पोलीस निरीक्षक बिधु भूषण द्विवेदी यांनी घोटाळ्याचा अहवाल दिला, तेव्हा आधी त्यांची बदली झाली आणि मग त्यांना निलंबित करण्यात आले. अखेर जानेवारी 1996 मध्ये पश्चिम सिंहभूमचे उपायुक्त अमित खरे यांनी चाईबासा येथील पशुसंवर्धन कार्यालयांवर छापे टाकले आणि कागद हाती लागले. चाईबासा आज झारखंडमध्ये आहे.

पुढे पाटणा उच्च न्यायालयाच्या आदेशाने तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे गेला. 30 सप्टेंबर 2013 रोजी रांचीच्या विशेष न्यायालयाने चाईबासा कोषागारातून 37.7 कोटी रुपये काढल्याच्या खटल्यात माजी मुख्यमंत्री लालूप्रसाद यादव आणि जगन्नाथ मिश्रा यांच्यासह अनेकांना दोषी ठरवले. त्यांत राज्याचे तत्कालीन वित्त सचिव फूलचंद सिंह हेही होते. ज्यांनी तिजोरीची राखण करायची, तेच आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहिले. मुख्य सूत्रधार मानले गेलेले पशुसंवर्धन अधिकारी श्यामबिहारी सिन्हा यांचे मात्र त्याआधीच, 2006 मध्ये निधन झाले होते. छाप्यापासून निकालापर्यंत 17 वर्षे लोटली. एका निरीक्षकाचा अहवाल दाबला गेला नसता, तर 1992 नंतर गेलेला पैसा तरी वाचला असता.

महोदय, हे बिहारचे दुखणे म्हणून सोडून देता येणार नाही. छत्रपती संभाजीनगर येथील विभागीय क्रीडा संकुलाच्या बँक खात्यातून 21 कोटींहून अधिक रक्कम वळवल्याचा गुन्हा डिसेंबर 2024 मध्ये दाखल झाला असून एका कंत्राटी कर्मचाऱ्यावर आरोप आहेत. दोषी कोण हे न्यायालय ठरवील. पण एवढी रक्कम जाईपर्यंत कोणाच्याच लक्षात का आले नाही, याचे उत्तर प्रशासनाने द्यायला हवे.

आमच्यापैकी प्रत्येकाने 31 मार्चची रात्र अनुभवली आहे. टेबलावर देयकांची चळत, दाराशी ताटकळलेले लिपिक आणि घड्याळात साडेअकरा. आमच्यातील एकाने अशाच रात्री एका देयकावर आक्षेप काढला होता. साहित्य मिळाल्याच्या दाखल्यावरची तारीख पुरवठा आदेशाच्याही आधीची होती. वरिष्ठ म्हणाले, “निधी व्यपगत झाला तर जबाबदार तुम्ही.” देयक पारित झाले आणि जूनमध्ये आक्षेप काढणाऱ्याची बदली झाली. अशी एक बदली पाहिली की उरलेले दहा जण पुढच्या मार्चमध्ये आक्षेप काढायला धजावत नाहीत.

यास्तव आमच्या मागण्या पुढीलप्रमाणे आहेत :

1. देयकावर काढलेला प्रत्येक आक्षेप संगणक प्रणालीत कायम राहावा. तो मागे घ्यायला लावणाऱ्या अधिकाऱ्याचे नाव व कारण तेथेच नोंदवले जावे.

2. आक्षेप घेतलेल्या कर्मचाऱ्याची दोन वर्षांच्या आत त्याच्या संमतीविना बदली करू नये. करणे भाग पडल्यास लेखी कारणासह वित्त विभागाची पूर्वमान्यता घ्यावी.

3. प्रत्येक आहरण व संवितरण अधिकाऱ्याने दरमहा महालेखापालांच्या आकड्यांशी खर्चाचा ताळमेळ घालावा. तो न घालणाऱ्यांची वेतनाव्यतिरिक्त सर्व देयके रोखावीत.

4. कोषागाराबाहेर बँकेत ठेवलेल्या शासकीय खात्यांची जिल्हानिहाय यादी जाहीर करावी. त्यांची विवरणपत्रे खाते हाताळणाऱ्याखेरीज दुसऱ्या अधिकाऱ्याने थेट बँकेकडून घेऊन तपासावीत.

5. संवेदनशील टेबलांवर तीन वर्षांहून अधिक काळ एकच व्यक्ती असू नये. बदल्यांबाबतच्या 2005 च्या अधिनियमाचा हा हेतू कागदावरच राहू नये.

6. जागल्यांच्या संरक्षणाचा 2014 चा केंद्रीय कायदा अद्याप अमलात आलेला नाही. तो लागू करण्यासाठी राज्याने केंद्राकडे आग्रह धरावा आणि तोवर राज्यापुरता शासन निर्णय काढावा.

या मागण्यांना मोठा खर्च लागत नाही. प्रामाणिक माणसाच्या पाठीशी शासन उभे आहे, एवढे टेबलावर बसलेल्या सर्वांत कनिष्ठ लेखा लिपिकाला दिसायला हवे. 60 दिवसांत कार्यवाही न झाल्यास आम्ही जिल्हाधिकारी कार्यालयासमोर एक दिवसाचे शांततापूर्ण धरणे धरू. ती वेळ येऊ नये, ही नम्र विनंती.

आपले विश्वासू,
सेवानिवृत्त कोषागार व लेखा कर्मचारी
(सह्यांची यादी सोबत जोडली आहे)

प्रत माहितीस्तव : मा. संचालक, लेखा व कोषागारे, महाराष्ट्र राज्य, मुंबई