काड्यांच्या पिशवीतील कीड

बाभळीच्या फांदीस लोंबणारी काड्यांची लहानशी मोळी आमच्या बहुतेक वाचकांनी पाहिली असेल. ती निर्जीव नव्हे. तिच्या आत अळी असते. ही अळी स्वतःच्या रेशमाची पिशवी विणून तिजवर काड्या चिकटविते, आणि जेथे जाईल तेथे आपले घर ओढीत नेते. शास्त्रज्ञ हिची गणना पतंगांच्या सायकिडी कुलात करितात. ह्या कुलाच्या जगात सुमारे १,३०० जाती नमूद आहेत. बाभळीवरील जातीस युमेटा क्रॅमेरी म्हणतात. जुन्या ग्रंथांत हीच क्लॅनिया ह्या नावाने आढळते. ती डाळिंबावरही येते.

कीड दिसली की औषध फवारावे, ही समजूत ह्या किडीपुरती तरी चुकीची आहे, असे आमचे स्पष्ट मत आहे. हिच्या मादीस पंख नसतात. ती पिशवीतच राहते, नर उडत तिजकडे येतो, आणि तेथेच शेकडो अंडी घालून ती मरते. नवजात अळ्या रेशमाच्या धाग्यास लोंबकळून वाऱ्याबरोबर दुसऱ्या झाडांवर जातात. मोठ्या अळीस व अंड्यांस पिशवीचे चिलखत असते. फवारा मात्र त्यांच्या शत्रूंवर पडतो. मलायातील तेलताडाच्या मळ्यांत १९६० च्या सुमारास असेच घडले. तीव्र विषांनी अळ्यांवर जगणारे परोपजीवी कीटक मेले व कीड बळावली. ती विषे बंद केल्यावर ती ओसरली, हे ब्रायन वुड ह्यांनी दाखवून दिले.

सबब डाळिंबासारख्या ठेंगण्या झाडांवरील पिशव्या अंडी फुटण्यापूर्वी हातानेच काढाव्या. बंध चिवट असतो. तो ओढू नये, कापावा. काढलेल्या पिशव्या झाडाखाली टाकू नयेत, जाळाव्या. उंच झाडांस हा उपाय चालत नाही, हे आम्ही जाणतो. तेथे बॅसिलस जातीचे जंतुजन्य औषध वापरावयाचे तर तेही अळ्या कोवळ्या असतानाच.

जात ठरविण्याचे काम केवळ पंडितांचे, असे कोणी म्हणेल. परंतु माद्या बहुधा सारख्याच दिसतात व नराच्या पंखांवाचून निर्णय कठीण होतो. म्हणून काही पिशव्या जाळीच्या डबीत ठेवून बाहेर पडणारे नर जवळच्या कृषि महाविद्यालयास दाखवावे. शत्रूचे घर ओळखल्यावाचून त्यावर चाल करणे म्हणजे पैसा व श्रम दोन्ही मातीत घालणे होय.