शेवटून दुसऱ्या ओळीतलं नाव

आपल्याकडच्या चित्रपट परीक्षणात संकलन शेवटून दुसऱ्या ओळीत येतं. छायाचित्रण देखणं, पार्श्वसंगीत पूरक, संकलन चोख. झालं! चोख म्हणजे नेमकं काय, हे लिहिणारा सांगत नाही आणि वाचणाराही विचारत नाही. बड्या बॅनरच्या चित्रपटाचं त्यानं फारसं बिघडत नाही. पण तुटपुंज्या पैशांत उभ्या राहणाऱ्या सिनेमाला राहून गेलेलं दृश्य पुन्हा चित्रित करणं परवडत नाही. हाती आलं असेल त्यातूनच गोष्ट उभी करायची, आणि ती जबाबदारी संकलकावर येते.

संकलक रेणू सलुजा यांचंच घ्या. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना दिग्दर्शन शिकायचं होतं. ते जमलं नाही, म्हणून त्यांनी संकलन घेतलं. हा किस्सा सांगताना लोकांच्या आवाजात हळहळ असते. मला ती मुळीच पटत नाही. सत्तरच्या दशकात लॉ कॉलेज रोडवरच्या त्याच आवारात सईद मिर्झा, कुंदन शाह, विधू विनोद चोप्रा शिकत होते. पुढे 'अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है', 'जाने भी दो यारों' आणि 'परिंदा' हे या तिघांचे चित्रपट रेणूंच्याच टेबलावर आकाराला आले.

'जाने भी दो यारों' राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या (एनएफडीसी) पैशांवर, दहा लाखांच्याही आत झाला. त्यात अनुपम खेर यांनी 'डिस्को किलर' नावाचा भाडोत्री मारेकरी केला होता. ती दृश्यं चित्रित झाली आणि अंतिम चित्रपटातून अख्खी गेली. एवढ्या काटकसरीत घेतलेलं काम फेकून द्यायला छाती लागते. त्याच १९८३ मध्ये रेणूंनी गोविंद निहलानींचा 'अर्धसत्य'ही संकलित केला. एकीकडे प्रेत घेऊन चाललेली धमाल पळापळ, दुसरीकडे आतल्या आत धुमसणारा सब-इन्स्पेक्टर वेलणकर. दोन्ही एकाच हाताचं काम आहे, हे श्रेयनामावली वाचल्याशिवाय कळणार नाही.

'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' या चार चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २००० साली, वयाच्या अवघ्या ४८व्या वर्षी त्या गेल्या. चार राष्ट्रीय पुरस्कारांचा नट असता तर शाळकरी पोरांनाही नाव पाठ असतं.

संकलन दिसू नये यातच त्याचं यश, असं एक सोयीस्कर मत आहे. मला ते आळशी वाटतं. चैतन्य ताम्हाणेंचा 'कोर्ट' पुन्हा पाहा. संकलन रिखव देसाई यांचं. वाक्य संपलं तरी शॉट संपत नाही. सुट्टी लागते, न्यायालयाची खोली रिकामी होते, दिवे मालवले जातात, पडदा काळा होतो. थिएटरात माणसं उठायच्या बेतात असतात, आणि चित्रपट मात्र न्यायाधीशांच्या सहलीला निघतो! ती कल्पना कुणाचीही असो, तो काळोख किती वेळ धरायचा हे कापतानाच ठरतं, आणि ते चांगलं दिसतं.

रिळांच्या काळात कच्ची फिल्म महाग, म्हणून चित्रीकरण मोजूनमापून व्हायचं. आता कार्डं भरभरून फुटेज येतं. ते नुसतं पाहायलाच आठवडे जातात, आणि त्या पाहण्याचे पैसे कुणी धरत नाही. बजेट सेटवरच संपतं, मग संकलकाला सांगितलं जातं, 'फेस्टिव्हलला लागला की बघू.' त्यामुळे तो जाहिराती आणि वेब सीरिज कापून घर चालवतो आणि स्वतंत्र सिनेमा रात्री करतो. यात मैत्री असते, हे खरं. पण मैत्रीवर घरभाडं भागत नाही. निर्मात्यांनी संकलकाला पटकथेच्या वाचनालाच बोलवावं आणि निम्मं मानधन पहिल्या शॉटच्या आधी द्यावं. 'हे पुढे कापावेच लागतील' असे चार शॉट तो तिथेच सांगेल. ते न घेतल्यानं वाचलेल्या दिवसांच्या कॅमेऱ्याच्या भाड्यातूनच त्याचे पैसे निघतील.