मोह त्याचा, शिक्षा तिला

एखाद्या सिनेमाला 'मोह आणि उद्धाराची बौद्ध कथा' असं लेबल लागलं की माझा एकच प्रश्न असतो: उद्धार नेमका कुणाचा?

'जासेइ नो इन' म्हणजे 'नागिणीची वासना' हा १९२१ चा जपानी मूकपट घ्या. दिग्दर्शक थॉमस कुरिहारा, पटकथा कादंबरीकार तानिझाकी जुनइचिरोची. फिल्म आज हरवलेली आहे. पण तिची मूळ कथा उएदा आकिनारीच्या 'उगेत्सु मोनोगातारी'त (१७७६) वाचता येते.

तोयोओ पावसात भेटलेल्या मानागोला छत्री देतो, तिच्या घरी जातो, प्रेमात पडतो. ती नागीण निघते. तो पळतो, तोमिकोशी लग्न करतो. मानागो तोमिकोच्या अंगात शिरते. शेवटी दोजोजी मंदिराचा भिक्षू त्याला एक काषाय वस्त्र देतो. तोयोओ गोड बोलून जवळ जातो आणि ते वस्त्र तिच्यावर टाकून दाबून धरतो. नागीण लोखंडी पात्रात बंद होऊन मंदिरासमोर गाडली जाते. तोमिको आजारी पडून मरते. तोयोओ ठणठणीत!

कुणी म्हणेल, नागीण हे वासनेचं रूपक आहे. मान्य. पण वासना कुणाची? त्याची. मग जमिनीखाली ती का?

'तो काळच तसा होता' हेही चालणार नाही. याच दोजोजीची कथा अकराव्या शतकातल्या 'होक्के गेन्की'त आहे. तिथे भिक्षू परत येण्याचं वचन देऊन सटकतो. फसवलेली बाई सर्पीण होते आणि मंदिराच्या घंटेत लपलेल्या त्याला जाळून मारते. मात्र पुढे एका वृद्ध भिक्षूने सद्धर्मपुंडरीक सूत्राची प्रत लिहवून घेतल्यावर दोघंही सुटतात, दोघांनाही स्वर्ग मिळतो. खून करूनही तिच्यासाठी दार उघडं! म्हणजे सातशे वर्षांपूर्वीची करुणा जास्त मोठी होती.

आणि सिनेमा? तेव्हा जपानी पडद्यावर स्त्रीभूमिका बहुतेक पुरुषच करत. तानिझाकी-कुरिहारांची ताइकात्सु कंपनी अभिनेत्री आणून ती प्रथा मोडू पाहत होती. पडद्यावर बाईला बाईचा चेहरा द्यायला निघालेल्यांनी निवडली ती नेमकी तिला गाडणारी कथा.

तिला मोहिनी म्हणा, भूत म्हणा. पण जिच्यासाठी कुणी सूत्राची एक ओळही लिहीत नाही, तिच्या कथेला 'बौद्ध उद्धार' म्हणू नका. उद्धार आणि सुटका यात फरक असतो. तोयोओची फक्त सुटका झाली.