एका दिवसात मुंबई

मुलांनो, हिवाळा आला की शाळाशाळांमध्ये सहलीची चर्चा सुरू होते. सहल मुंबईला जाणार असे कळले, तर वर्गात आनंदीआनंद होतो. घरून पैसे आणले जातात, नवे बूट काढले जातात, अम्मी डब्यात पराठे बांधून देते. रात्रभर प्रवास करून बस सकाळी मुंबईत पोचते. मग गाइड बसमध्ये चढतो, हातात माइक घेतो आणि 'मुंबई दर्शन' सुरू होते.

मी मालेगावच्या एका शाळेत मराठी शिकवतो. अशा अनेक सहलींत मी मुलांबरोबर गेलो आहे. परत आल्यावर मी मुलांना विचारतो, "काय काय पाहिले?" मुले बोटांवर मोजू लागतात. गेटवे ऑफ इंडिया, वस्तुसंग्रहालय, मरीन ड्राइव्ह, हँगिंग गार्डन, म्हातारीचा बूट, हाजी अली, छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस! दोन्ही हातांची बोटे संपतात. मग मी दुसरा प्रश्न विचारतो, "टर्मिनसच्या फाटकावर दगडाचे दोन प्राणी बसले आहेत. ते कोणते?" वर्गात शांतता पसरते. चाळीस मुले त्या फाटकासमोरून गेलेली असतात. पण प्राणी कोणालाच दिसलेले नसतात.

मराठीत एक म्हण आहे, 'देखल्या देवा दंडवत'. वाटेत देऊळ दिसले म्हणून हात जोडायचे आणि लगेच पुढे चालू लागायचे. आपली एका दिवसाची सहल पुष्कळदा अशीच होते. आपण शहराला हात जोडतो. शहर पाहत नाही.

असे का होते? थोडा हिशेब करा. समजा, सहल सकाळी नऊला सुरू होऊन संध्याकाळी सातला संपते. म्हणजे दहा तास मिळाले. त्यांतले पाच तास मुंबईच्या गर्दीत, रस्त्यातच जातात. जेवण आणि चहा यांत एक तास जातो. उरले चार तास, म्हणजे २४० मिनिटे. पाहायची ठिकाणे पंधरा. एका ठिकाणाच्या वाट्याला आली फक्त १६ मिनिटे! त्यांत बसमधून उतरायचे, रांग लावायची, फोटो काढायचा, मुले मोजायची आणि पुन्हा बसमध्ये चढायचे. मग पाहायचे केव्हा?

म्हणून अशा सहली वाईट आहेत, असे मात्र मी म्हणणार नाही. ज्यांना मुंबईत राहायला घर नाही आणि हॉटेलचा खर्च परवडत नाही, अशा माणसांना एवढे मोठे शहर पाहण्याचा तोच एक मार्ग असतो. अनोळखी शहरात वाट चुकण्याची भीती नसते. गाइडचे कामही सोपे नसते. तीच माहिती तो रोज नव्या माणसांना, त्याच उत्साहाने सांगत असतो. माझी तक्रार सहलीविषयी नाही. आपण सहलीत कसे पाहतो, याविषयी आहे.

गेटवे ऑफ इंडियाचेच उदाहरण घ्या. बस थांबते. सगळे समुद्राकडे पाठ करून किंवा कमानीकडे तोंड करून फोटो काढतात आणि परत फिरतात. पण ही कमान येथे का उभी आहे? १९११ च्या डिसेंबरमध्ये इंग्लंडचा राजा पाचवा जॉर्ज आणि राणी मेरी मुंबईच्या बंदरावर उतरले. त्यांच्या स्वागताची आठवण म्हणून ही कमान बांधायचे ठरले होते. गंमत अशी, की राजा आला तेव्हा कमान तयारच नव्हती. त्याला पुठ्ठ्याची प्रतिकृती पाहावी लागली! जॉर्ज विटेट या वास्तुशिल्पकाराने तिचा आराखडा तयार केला आणि १९२४ साली ती पुरी झाली. पुढे देश स्वतंत्र झाला. २८ फेब्रुवारी १९४८ रोजी ब्रिटिश सैन्याची शेवटची तुकडी याच कमानीतून बाहेर पडली आणि जहाजात बसून निघून गेली. राजा आल्याची आठवण म्हणून बांधलेला दरवाजा त्याच्या सैन्याला निरोप देण्याच्या कामी आला. एवढी गोष्ट सांगायला दोन मिनिटे पुरतात. ती ठाऊक असेल, तर तीच कमान तुम्हांला वेगळी दिसेल.

आता त्या टर्मिनसकडे वळू. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला प्रवाशांची पहिली आगगाडी निघाली. पुढे त्याच परिसरात हे भव्य स्टेशन उभे राहिले. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स यांनी त्याचा आराखडा केला. १८७८ मध्ये काम सुरू झाले आणि ते पुरे व्हायला सुमारे दहा वर्षे लागली. २००४ साली युनेस्कोने या इमारतीला जागतिक वारसा स्थळ म्हणून मान दिला. बसच्या खिडकीतून तिचा घुमट धड दिसत नाही. फाटकाजवळ उभे राहून मान वर केली, तर भिंतींवर कोरलेले प्राणी, पक्षी, पाने आणि फुले दिसतात. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतील विद्यार्थ्यांनी या कोरीव कामाला हात लावला आहे. होय, विद्यार्थ्यांनी! आणि फाटकावरचे ते दोन प्राणी म्हणजे एका बाजूला सिंह आणि दुसऱ्या बाजूला वाघ. सिंह इंग्लंडची खूण आणि वाघ हिंदुस्थानची.

तेथेच उभे राहून पाठीमागे वळून पाहा. रस्त्यापलीकडे कमानी आणि घुमट असलेली आणखी एक देखणी इमारत आहे. ती अंजुमन-ए-इस्लामची शाळा आहे. बद्रुद्दीन तय्यबजी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १८७४ साली ही संस्था स्थापन केली. हेच तय्यबजी १८८७ साली राष्ट्रीय काँग्रेसच्या अधिवेशनाचे अध्यक्ष होते. उर्दू शाळेतील किती मुले या इमारतीसमोरून जातात! पण सहलीच्या यादीत तिचे नाव नसते. म्हणून तिच्याकडे कोणी पाहत नाही.

गवालिया टँकचे मैदानही असेच आहे. आज त्याला ऑगस्ट क्रांती मैदान म्हणतात. ८ ऑगस्ट १९४२ रोजी येथे महात्मा गांधींनी 'भारत छोडो'चा नारा दिला. दुसऱ्या दिवशी पुढाऱ्यांना अटक झाल्यावर अरुणा असफ अली यांनी येथे तिरंगा फडकावला. तेथून जवळच मणिभवन आहे. १९१७ पासून १९३४ पर्यंत गांधीजी मुंबईत आले की तेथे राहत असत. मैदानात मोठा घुमट नाही आणि कारंजेही नाही. म्हणून बस पुढे निघून जाते.

हँगिंग गार्डनमध्ये मात्र बस हमखास थांबते. झुडपे कापून तयार केलेले प्राणी पाहून मुले खूश होतात. पण आपण कशावर उभे आहोत, हे त्यांना ठाऊक नसते. त्या हिरवळीखाली मुंबईला पाणी पुरवणारा मोठा जलाशय आहे. त्याच्या छतावर बाग केली आहे. शहराची तहान पायांखाली असते आणि आपण वरचे फुलझाड पाहून परत येतो.

आणखी एक गोष्ट सांगतो. गाइड सांगेल ते मन लावून ऐका. पण ऐकलेली प्रत्येक गोष्ट इतिहास नसते. मुंबई विद्यापीठाच्या राजाबाई टॉवरची कथा तुम्ही कदाचित ऐकली असेल. प्रेमचंद रायचंद या व्यापाऱ्याची आई राजाबाई हिला डोळ्यांनी दिसत नसे. जैन धर्माप्रमाणे ती सूर्यास्तापूर्वी जेवत असे. तिला वेळ कळावी म्हणून मुलाने घड्याळाचा मनोरा बांधला, असे सांगतात. कथा गोड आहे. प्रेमचंदांनी पैसे दिले आणि मनोऱ्याला आईचे नाव दिले, हे खरे आहे. १८७८ साली मनोरा पुरा झाला, हेही खरे आहे. बाकीची गोष्ट लोक सांगत आले आहेत. 'हे कशावरून?' असा प्रश्न नम्रपणे विचारायला शिका. चांगल्या गाइडला त्याचा राग येत नाही. उलट आपले बोलणे कोणीतरी ऐकत आहे, याचा त्याला आनंद होतो.

आता मी माझी एक चूक सांगतो. काही वर्षांपूर्वीची गोष्ट. हाजी अली पाहून आमची बस लोअर परळमार्गे दादरकडे निघाली होती. सिग्नलला बस थांबली. समोर एक उंच, जुनी चिमणी दिसत होती. कोणीतरी विचारले, "ते काय आहे?" गाइड म्हणाला, "इथे पाहण्यासारखे काही नाही. पूर्वी कापडाच्या गिरण्या होत्या. आता बंद झाल्या."

तेवढ्यात मागच्या बाकावरचा एक मुलगा उभा राहिला. एरवी तो वर्गातही फारसा बोलत नसे. तो म्हणाला, "सर, माझे दादा इथेच काम करत होते."

गाइडला वाटले, हा आपल्या मोठ्या भावाविषयी बोलतो आहे. तो हसून म्हणाला, "अरे, तुझ्या दादाच्या जन्माआधीच गिरणी बंद पडली असेल!" बसमधली मुलेही हसली. मला समजले. उर्दू बोलणाऱ्या घरांत दादा म्हणजे वडिलांचे वडील. तो आजोबांविषयी सांगत होता. मी खुलासा करेपर्यंत सिग्नल सुटला. मुलगा खिडकीला डोके टेकवून, चिमणी दिसेनाशी होईपर्यंत मागे पाहत राहिला.

मी "बस थांबवा" असे म्हणालो नाही. पुढची ठिकाणे राहून जातील, असे मला वाटले. ती माझी चूक होती. त्या दिवशी आम्ही पंधरा ठिकाणे पाहिली. पण एका मुलाची मुंबई सिग्नलपाशीच राहून गेली.

दुसऱ्या वर्षी सहलीच्या आधी त्या मुलाच्या आजोबांना मी वर्गात बोलावले. ते संकोचत खुर्चीवर बसले आणि हळूहळू बोलू लागले. ते मदनपुऱ्यात एका खोलीत दहा-बारा जणांबरोबर राहत. गिरणीत मागाला साचा म्हणत. त्या साच्यांचा आवाज इतका मोठा, की शेजारच्या माणसाशी खुणांनी बोलावे लागे. पाळी बदलली की भोंगा वाजे. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांत संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. संप लांबला. पुष्कळांचे काम कायमचे सुटले. आजोबा मालेगावला परतले आणि यंत्रमागावर बसले. मुले एक तास गप्प बसून ऐकत होती. त्या वर्षी आम्ही परळला बस थांबवली, खाली उतरलो आणि रस्त्याच्या कडेला उभे राहून ती चिमणी पाहिली. पूर्वी गिरण्या होत्या तेथे आता उंच इमारती आणि मोठी दुकाने आहेत. आम्ही पंधरा मिनिटे थांबलो. त्यासाठी दोन ठिकाणे गाळली. कोणीही तक्रार केली नाही.

तुम्ही म्हणाल, "सर, आम्हांला मुंबईत एकच दिवस मिळतो. चार ठिकाणे पाहिली, तर बाकीची राहतील. पुन्हा कधी जायला मिळेल कोण जाणे!" तुमचे म्हणणे खरे आहे. पण धावतपळत पाहिलेली ठिकाणेही राहूनच जातात. फक्त ती राहिली हे आपल्याला कळत नाही. ताटात पंधरा पदार्थ वाढले आणि प्रत्येकाचा नुसता वास घेऊन उठावे लागले, तर पोट भरेल का?

म्हणून सहलीला जाण्याआधी तीन कामे करा. पहिले काम घरी करा. अब्बांना, आजोबांना, शेजाऱ्यांना विचारा, आपल्यापैकी मुंबईत कोण राहिले, कोणी कोठे काम केले? आपल्या गावांतील किती माणसांच्या आयुष्याचा धागा त्या शहरात अडकलेला असतो! दुसरे काम वर्गात करा. शिक्षकांबरोबर बसून नकाशा उघडा आणि चार-पाच ठिकाणे अशी निवडा, की जेथे निवांत उभे राहता येईल. त्यांची माहिती आधीच वाचा. हाजी अलीला जायचे असेल, तर भरती-ओहोटीची वेळही पाहा, कारण मोठ्या भरतीत दर्ग्याकडे जाणारी वाट पाण्याखाली जाते. तिसरे काम तेथे पोचल्यावर करा. फोटो जरूर काढा. पण आधी पाच मिनिटे नुसते पाहा. मान वर करून पाहा, मागे वळून पाहा, पायांखाली काय आहे ते विचारा. जे यादीत नाही, त्याविषयीही विचारा. रात्री परतताना प्रत्येकाने वहीत एकच गोष्ट लिहावी, जी दुसऱ्या कोणी पाहिली नसेल.

शहर, इमारत, बाजार, बाग, मैदान, दरवाजा हे शब्द तुमच्या उर्दूत आहेत आणि मराठीतही आहेत. मुंबईही तशीच आहे. ती अनेकांनी मिळून बांधली आहे. राजांनी आणि व्यापाऱ्यांनी, कलाशाळेच्या विद्यार्थ्यांनी आणि साच्यांवरच्या कामगारांनी. त्यांतला एखादा तुमच्या घरचाही असेल.

यंदा तुमची बस मुंबईत शिरेल आणि गाइड माइक हातात घेईल, तेव्हा त्याला आदराने सलाम करा. त्याचे बोलणे ऐका. आणि तो जेव्हा म्हणेल, "इथे पाहण्यासारखे काही नाही," तेव्हा हात वर करून विचारा, "साहेब, इथे पूर्वी काय होते?"