ट्रेकची इस्तिताअत

पुसद, दिग्रस, उमरखेड, यवतमाळ इकडच्या आपल्या पोरांच्या व्हॉट्सअ‍ॅप स्टेटसवर अलीकडे बर्फ दिसू लागला आहे. कुणी केदारकंठाला जाऊन आलं, कुणाला काश्मीरची तळी पाहायची आहेत, एखादा थेट एव्हरेस्ट बेस कॅम्पची भाषा करतो. पूर्वी आपल्याकडे लांबचा प्रवास म्हणजे अजमेर, हैदराबाद, नशिबात असेल तर हज-उमरा. आता दुकानात बसणारा मुलगा किंवा शाळेत शिकवणारी मुलगी दहा दिवसांची सुट्टी मागते आणि म्हणते, पहाड चढायला जायचंय. मला याचा आनंद आहे. पण जायचं की नाही हे घराघरांत ज्या पद्धतीनं ठरतं, ती पद्धत मला धोक्याची वाटते.

घरात दोनच बाजू असतात. मोठी माणसं म्हणतात, हे आपल्या लोकांचं काम नाही, पैसेवाल्यांचे शौक आहेत. पोरं म्हणतात, तुम्ही कायम असंच म्हणणार. वाद इज्जतीवर जातो. मग कुणाचा तरी हट्ट जिंकतो आणि तोच निर्णय ठरतो. या सगळ्यात मूळ प्रश्न कुणी विचारत नाही, की हा ट्रेक या माणसाला झेपणारा आहे का.

'आपलं काम नाही' हे म्हणणं तर केव्हाच निकालात निघालं आहे. पैनगंगा ओलांडली की तेलंगणा. तिथल्या निवासी शाळेत शिकणारी मालावत पूर्णा 25 मे 2014 रोजी एव्हरेस्टच्या माथ्यावर उभी होती, वय 14 सुद्धा पूर्ण नव्हतं. वर्धा नदीपलीकडे चंद्रपूर. तिथल्या आश्रमशाळांतली आदिवासी मुलं 2018 साली 'मिशन शौर्य'मधून एव्हरेस्टवर गेली आणि त्यांतली पाच जण शिखरावर पोहोचली. मनीषा धुर्वे त्यांतलीच. आणि आपल्याच माणसाचं नाव हवं असेल, तर औरंगाबाद ग्रामीण पोलीस दलातले रफिक शेख. 2016 च्या मे महिन्यात त्यांनी एव्हरेस्ट सर केलं. त्याआधी 2014 ला हिमस्खलनामुळे आणि 2015 ला नेपाळच्या भूकंपामुळे त्यांना शिखराविनाच परत यावं लागलं होतं. आपल्याकडे त्यांचं कौतुक शिखरासाठी होतं. मला त्या दोन परतण्यांचं जास्त वाटतं. त्याच 2016 साली पुण्यातल्या एका पोलीस दांपत्यानं केलेला एव्हरेस्टचा दावा नेपाळ सरकारनं खोटा ठरवला होता. फोटोचा मोह माणसाला कुठवर नेतो ते तेव्हा दिसलं.

म्हणजे गरिबी, जात, धर्म, मैदानी मुलूख, यांतलं काहीच आड येत नाही. पण ही मुलं सरळ शाळेतून उठून पहाडावर गेलेली नाहीत. कित्येक महिन्यांचं प्रशिक्षण, दार्जिलिंग, लेह, मग मोहीम. आपला मुलगा इंस्टाग्रामवर जाहिरात पाहतो, अॅडव्हान्स भरतो आणि तीन आठवड्यांनी निघतो.

यावर विचार करायला आपल्याकडे एक चांगला शब्द आहे: इस्तिताअत. हज फर्ज आहे, पण ज्याला तिथवर पोहोचण्याची ऐपत आहे त्याच्यावर. आणि ही ऐपत फक्त पैशाची नाही. तब्येत साथ देणारी हवी, रस्ता सुरक्षित हवा, जाण्यायेण्याचा खर्च हवा आणि मागे राहिलेल्यांच्या खर्चाची सोयही हवी. यांतलं एखादं नसेल तर न जाणाऱ्याला गुन्हेगार मानलेलं नाही. इस्लामच्या पाच स्तंभांपैकी एकाला ही सवलत आहे. मग केदारकंठाला का नसावी? हज-उमऱ्याला गेलेली आपली बुजुर्ग मंडळी गुडघे धरत जबल-ए-नूर चढून हिराची गुहा पाहायचा हट्ट धरतात. हजच्या अरकानांत ती चढण नाही. न चढणाऱ्याचा हज उणा ठरत नाही.

तब्येतीपासून सुरू करू, कारण सगळ्यात जास्त गैरसमज तिथेच आहेत. यवतमाळ शहर समुद्रसपाटीपासून साधारण साडेचारशे मीटरवर आहे. आख्ख्या महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर कळसूबाई, तेही 1646 मीटर. उंचीचा त्रास साधारण 2500 मीटरच्या पुढे सुरू होतो. याचा अर्थ आपल्या राज्यात कुठेही, कितीही चढलात तरी तुमचं शरीर विरळ हवेत कसं वागेल हे कळणार नाही. वर गेल्यावर हवेतल्या ऑक्सिजनचं प्रमाण 21 टक्केच असतं, पण दाब घटतो. त्यामुळे लेहसारख्या 3500 मीटरच्या ठिकाणी प्रत्येक श्वासात समुद्रकिनाऱ्याच्या तुलनेत 65 टक्क्यांच्या आसपासच ऑक्सिजन मिळतो. एव्हरेस्ट बेस कॅम्पला, 5364 मीटरवर, जवळजवळ निम्मा.

आणि इथे जिमवाल्या पोरांना न आवडणारी गोष्ट. दम असणं आणि उंची मानवणं या दोन वेगळ्या बाबी आहेत. रोज दहा किलोमीटर धावणाऱ्याला डोकेदुखी आणि उलट्यांनी लोळवलेलं असतं आणि त्याच तंबूत पन्नाशीतल्या मावशी चहा पीत बसलेल्या असतात. उलट तगडा माणूस भरभर चढतो म्हणूनच कधीकधी आधी अडकतो. व्यायाम करायचाच, पाठीवर ओझं घेऊन माहूरच्या टेकड्या चढायच्याच, उन्हाळ्यात फजरनंतर लगेच, कारण आपल्याकडे एप्रिलमध्ये नऊनंतर बाहेर चालणं हाच वेगळा आजार आहे. त्या व्यायामानं पाय तयार होतात. उंची मानवते ती फक्त हळूहळू चढल्यानं. ढोबळ नियम असा की 3000 मीटरच्या वर रात्रीचा मुक्काम आदल्या रात्रीपेक्षा 500 मीटरहून जास्त उंच नसावा आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस विश्रांती. ट्रेकचं वेळापत्रक हातात आलं की शिखराची उंची बघू नका, प्रत्येक रात्रीच्या मुक्कामाची उंची एकाखाली एक लिहा आणि वजाबाकी करा. शाळेतलं गणित आहे. पाच दिवसांत सगळं 'उरकून देणारी' पॅकेजेस या वजाबाकीत पटापट उघडी पडतात.

आपल्या भागासाठी आणखी एक तपासणी मी आवर्जून सांगेन, कारण मुंबई-पुण्याच्या ट्रेकिंगच्या सल्ल्यांत ती क्वचितच असते. विदर्भात सिकलसेल आहे. आपण ती 'आदिवासींची बीमारी' म्हणून बाजूला सारतो. हे बरोबर नाही, रक्ताचा दोष रेशनकार्डावरचा धर्म बघत नाही. आजार असलेल्या माणसाला तो असल्याचं बहुधा ठाऊक असतं. अडचण वाहकांची आहे. ते आयुष्यभर धडधाकट असतात, कुठे काही जाणवत नाही, पण उंचीवर त्यांच्यातल्या काहींच्या प्लीहेला रक्तपुरवठा तुटून अचानक तीव्र पोटदुखी उठल्याची उदाहरणं वैद्यकशास्त्रात नोंदलेली आहेत. तपासणी साधी रक्ताची आहे आणि सरकारी दवाखान्यात होते. वाहक निघालात तर डॉक्टरांशी बोलल्याशिवाय उंचीचा बेत पक्का करू नका. तीच गोष्ट बीपीची. मधुमेहाचं तर आपल्या घरांत विचारायलाच नको, बिर्याणीनंतर शीरखुर्मा आणि वर 'एका गोळीनं होतंय' हा आपला हिशेब. इन्सुलिन घेणाऱ्यानं लक्षात ठेवावं की ते गोठलं की निकामी होतं. उंचीच्या त्रासावर मिळणारी डायमॉक्स ही गोळी मेडिकलवाल्या मित्राकडून परस्पर घेऊ नका. सल्फाची अॅलर्जी असणाऱ्यांना ती चालेलच असं नाही आणि भराभर चढायचा तो परवानाही नव्हे.

रस्त्याच्या सुरक्षिततेचं म्हणाल, तर 'गाईड सोबत आहे' एवढ्यानं घरची माणसं निश्चिंत होतात. 2024 च्या जूनमध्ये उत्तराखंडात सहस्रताल ट्रेकवर कर्नाटकातल्या 22 जणांच्या गटातले नऊ जण खराब हवामानात अडकून दगावले. गाईड सोबत होते, गटात अनुभवी माणसंही होती. त्याच महिन्यात हजच्या काळात उष्म्यानं 1301 जणांचा मृत्यू झाल्याचं सौदी सरकारनं सांगितलं. त्यांतले बहुसंख्य अधिकृत परवान्याविना गेलेले होते, म्हणजे बस, तंबू, सावली या सोयींच्या बाहेर. आपल्याला हे लगेच समजतं, कारण स्वस्तातल्या एजंटानं हजला नेऊन वाऱ्यावर सोडल्याचे किस्से गावोगाव आहेत. मग ट्रेकचा एजंटही त्याच नजरेनं का तपासू नये? किती लोकांमागे एक गाईड, ऑक्सिजनचं सिलिंडर सोबत असतं का, आजारी माणसाला खाली आणायला वेगळा माणूस मिळतो का, जवळचं हॉस्पिटल किती तासांवर. आणि शेवटचा शब्द कुणाचा असतो हेही विचारा. गाईड 'परत फिरा' म्हणाला आणि गट 'आम्ही पैसे भरलेत' म्हणाला, तर काय होतं? या प्रश्नावर जो एजंट हसतो, त्याच्याबरोबर जाऊ नये.

पैशाचं थोडक्यात. केदारकंठासारख्या ट्रेकची फी दहा-बारा हजारांच्या घरात असते, पण यवतमाळकराचा खर्च तिथं संपत नाही. वर्धा-नांदेड मार्गाचा कळंबपर्यंतचा टप्पा 2024 च्या फेब्रुवारीत सुरू झाला असला, तरी दिल्लीची गाडी धरायला आपल्याला अजून वर्धा नाहीतर नागपूर गाठावं लागतं. तिथून दिल्ली, मग देहरादून, मग सांकरीपर्यंत दिवसभर गाडी. सहा दिवसांच्या ट्रेकला अकरा दिवस जातात. वर बूट, जॅकेट, रोजगार बुडाला तो वेगळा. कर्ज काढून हजला जाण्याची सक्ती नाही. हप्त्यावर बर्फ बघायला जाण्याची तर मुळीच नाही. कापूस ज्यांच्या घरी येतो, त्यांना उधारीचं व्याज समजावून सांगायची गरज नाही.

दीनच्या बाबतीत तरुण विचारतात त्या शंका मला सगळ्यात सोप्या वाटतात. बहुतेक ट्रेकवर जेवण शाकाहारीच असतं, त्यामुळे हलालचा प्रश्न सहसा उद्भवत नाही. मुसाफिराला नमाज कसर करण्याची मुभा आहे, पाणी वापरणं अपायकारक असेल तर तयम्मुम आहे. रमजान सध्या फेब्रुवारी-मार्चकडे येतो, म्हणजे बर्फातल्या ट्रेकच्या हंगामात. उंचीवर पाणी कमी पडलं की त्रास वाढतो. प्रवासात रोजा पुढे ढकलायची रुखसत आहे, आणि त्याहून बरं म्हणजे तारीखच पुढे ढकला.

खरी अवघड गोष्ट वेगळी आहे. उंचीवर डोकं दुखणं, मळमळणं, चालताना तोल जाणं, बसल्या जागी धाप लागणं, या सगळ्यावर पहिला उपाय म्हणजे सांगणं. डोकं दुखत असताना वर चढायचं नाही. तोल जात असेल किंवा बसून धाप लागत असेल, तर रात्र असली तरी खाली उतरायचं, सकाळची वाट पाहायची नाही. औषध, ऑक्सिजन हे सगळं उतरायला वेळ मिळावा म्हणून. पण सांगतं कोण? घरच्यांशी भांडून आलेली मुलगी सांगत नाही. तिला माहीत असतं की दुसऱ्या दिवशी परतली तर 'आम्ही म्हटलंच होतं' हे वाक्य तिच्या निकाहपर्यंत पुरेल. पुढे तिच्या धाकट्या बहिणीलाही तेच ऐकवलं जाईल. वीस जणांच्या गटातला एकटा मुसलमान पोरगाही सांगत नाही. तिथं त्याला उगाच वाटत असतं की आख्ख्या कौमची लाज आपल्या फुप्फुसांवर आहे. मित्रांकडून उसने पैसे घेतलेला सांगत नाही. ज्याचं जाणं जितकं झगडून मिळवलेलं, त्याचं परतणं तितकं अवघड. गोळ्या आणि बुटांच्या याद्या सगळे करतात, हे ओझं कुणी मोजत नाही.

म्हणून माझं मत असं. ज्याला तिसऱ्या दिवशी 'मला उतरायचंय' म्हणता येईल, त्यानं खुशाल जावं, वय चाळीस असो की वीस, बाई असो की पुरुष. ज्याला ते म्हणता येणार नाही त्यानं यंदा जाऊ नये, शरीर लोखंडाचं असलं तरी. आणि यातली अर्धी जबाबदारी घरच्यांची आहे. अब्बांना परवानगी द्यायची नसेल तर साफ नाही म्हणावं, कारणं सांगावीत, मुलीचीही ऐकावीत. पण एकदा हो म्हटलं, की बॅग भरतानाच तिला सांगून टाकावं, की पहिल्या मुक्कामावरून परत आलीस तरी स्टेशनवर घ्यायला येऊ आणि या विषयावर घरात कुणी चकार शब्द काढणार नाही. अम्मींनी ते मामू-खालांनाही बजावून ठेवावं. परतीचं आरक्षण असं करावं की तारीख बदलली तरी फार नुकसान होणार नाही. अर्ध्यातून उतरणाऱ्याचा खालच्या गावातला मुक्काम, जेवण आणि देहरादूनपर्यंतची गाडी यांचे पैसे वेगळे बांधून द्यावेत आणि ते कुणालाही न विचारता खर्च करायची मोकळीक द्यावी.